पुरातल्या हडळीची मुलगी

विद्याश्रीला सूड घ्यायचा होता. हे तिनं मला पहिल्याच भेटीत सांगितलं. राजारामपुरीतल्या माझ्या घराच्या खालच्या दोन खोल्या बघायला ती आली होती. कशाला हव्यात म्हणून विचारलं तर म्हणाली, "फिल्म जुळवायला. हडळीवर फिल्म करायलोय." मी म्हटलं, हडळीवर? शिकलीसवरली पोरगी तू! तर म्हणाली, "काकू, ती हडळ माझी आई हाय. आणि तिला हडळ करणाऱ्याला मी सोडणार न्हाय." एवढं बोलून ती खिडक्या उघडून बघायला लागली, नळाला पाणी कधी येतं ते विचारायला लागली. मला असली माणसं आवडतात. किल्ली देऊन टाकली.

तिच्या आईचं आधी सांगते, म्हणजे पुढं अडायला नको.

आईचं नाव महादेवी. कुरुंदवाडच्या पलीकडं, नदीच्या वळणावरच्या एका गावात लिंगायत शेतकऱ्याच्या घरात दिलेली. गावाचं नाव लिहीत नाही. लिहिलं तर मोबाइल घेऊन रविवारी पोरं जमतील हडळ बघायला. आधीच काय कमी जमतात? नवरा ट्रॉलीखाली सापडून गेला. पदरात ही एक मुलगी. महादेवीनं नवऱ्याच्या वाटणीचं रान मागितलं. थोरला दीर पंचाक्षरी याला ते रुचलं नाही. यापेक्षा जास्त कारण लागत नाही.

२००५चा महापूर आला तेव्हा विद्याश्री चार वर्षांची होती. आमच्याकडं पुरात गुऱ्हाळातली काहील नावेसारखी वापरतात. गूळ आटवायची ती मोठी पसरट कढई. चार माणसं आरामात बसतात. पहिल्या खेपेला आजीच्या मांडीवर विद्याश्रीला पाठवलं. पंचाक्षरी महादेवीला म्हणाला, तू जनावरांची दावी सोड, मी माघारी येतो तुला न्यायला. तो माघारी आलाही. ट्रंक आणि पितळेची भांडी काहिलीत घातली आणि निघून गेला. महादेवी तेव्हा कौलांवर चढून बसलेली होती.

हे कळलं कसं? काहील वल्हवणारा बाळासो मरायच्या आधी विद्याश्रीच्या मावशीला, म्हणजे तिच्या चिक्कव्वाला, सांगून गेला. एकदाच. रडत. आणि दुसऱ्या दिवशी म्हणाला, मी काय बोललोच न्हाय. मग तोही गेला.

पंचाक्षरीनं गावाला सांगितलं ते वेगळंच. मी पोचलो तर घर रिकामं, बाई आधीच वाहून गेलेली, म्हणून भांडी तेवढी घेऊन आलो, आणि कौलांवर तिचं सोंग घेऊन हडळ बसलेली! गावानं ते उचललं. पाणी ओसरल्यावर महादेवी बाभळीत अडकलेली सापडली. तिथंच नदीकाठी पुरली. लिंगायतांच्या रुद्रभूमीत नेली नाही, कारण म्हणे अपमृत्यू. ज्या धर्मात मेल्याचं सूतकसुद्धा पाळत नाहीत, त्या धर्माच्या माणसांनी स्वतःच्या सुनेला भूत ठरवून बाभळीखाली टाकली, आणि पंचाक्षरी दरवर्षी तिथं हिरवं लुगडं नेऊन ओटी भरायला लागला. मारलं ते मारलं, वर पुजारी झाला!

विद्याश्री चिक्कव्वाकडं गडमुडशिंगीत वाढली. गोष्ट तिच्या आधी तिथं पोचली होती. शाळेत "हडळीची पोरगी" म्हणायचे. कुणी शेजारी बसायचं नाही. ती रडली वगैरे नाही. कुणाच्या डब्यातली शेंगदाण्याची चटणी हवी असली की त्या पोरीकडं नुसतं टक लावून बघायची. डबा आपोआप सरकायचा. पुढं कॉलेज करता करता एका स्टुडिओत लग्नाचं शूटिंग करायला लागली. शेकडो लग्नं टिपली. त्यातून ती एक गोष्ट शिकली आणि ती तिनं मला भाजी निवडता निवडता सांगितली, "कॅमेरा समोर आला की माणूस पोट आत घेतंय आणि पोटातलं बाहेर काढतंय."

मग तिनं भुतांच्या फिल्मा काढायला सुरुवात केली. पहिली उसातल्या चकव्यावर: वाट ओळखीची असूनही माणूस रात्रभर त्याच बांधावर फिरत राहतो, ते. दुसरी पंचगंगेच्या डोहातल्या, माणसाला पाण्यात ओढणाऱ्या गिऱ्ह्यावर. मी प्राणिशास्त्र शिकलेली बाई, मला या असल्या गोष्टींचा मुळात राग. पण तिच्या फिल्मा बघितल्या आणि गप्प बसले. भूत कुठंच दाखवायची नाही. भूत सांगणारा माणूस दाखवायची. त्याचे हात, त्याची बायको मागून काय पुटपुटते ते, गोष्ट सांगताना तो कुणाकडं बघतो ते.

या फिल्मा मोबाइलवर फिरल्या, आणि मग खुद्द पंचाक्षरीचा तिला फोन आला. वीस वर्षांत पहिला!

"अगं, घरची हडळ सोडून लोकांच्या भुतांमागं कशाला फिरतीस? आपली एवढी नावाजलेली हाय की! ये गावाकडं. समदं सांगतो."

विद्याश्री म्हणाली, "येतो दोड्डप्पा." थोरल्या चुलत्याला त्यांच्याकडं कानडीतला हाच शब्द. फोन ठेवला आणि त्याच आठवड्यात ती माझ्या खोल्या बघायला आली.

तिला काय हवं होतं ते नीट लिहिते. पोलीस नको होते. मी म्हटलं होतं तिला, वकील बघ. ती म्हणाली, "साक्षीदार मेला. आणि पुरात माघारी न्हाय वळला, म्हणून कुणाला फाशी देत्यात काय? मला त्याच्या तोंडून पायजे. आई जित्ती हुती आणि मला ठाव हुतं, एवढं. गावासमोर."

महिनाभर ती गावात जाऊन येऊन होती. घरोघरी चहा, घरोघरी हडळ. केस टाचेपर्यंत, पाय उलटे, पाठ पोकळ. एकानं तर हडळीला तंबाखू दिली होती म्हणे. सगळ्यांत झकास सांगायची ती बयाबाई. सत्तरीची, तोंडात मिश्री, हातात खुरपं. अंगणात उभी राहून हडळ करून दाखवायची. हडळ पिंपळावर कशी बसली होती, पंचाक्षरीला बघून तिनं दात कसे विचकले, काहील कशी गरागरा फिरली. ती फीत मी बघितली आणि हसले, खोटं कशाला बोलू. विद्याश्रीही हसायची. मग गंभीर व्हायची आणि म्हणायची, "ह्यातलं काय बी कामाचं न्हाय. ही समदी त्याचंच ऐकून बोलत्यात."

आणि पंचाक्षरी? तो पांढरं धोतर नेसून, कपाळभर भस्म ओढून ओसरीवर बसायचा आणि भाषण करायचा. आपली संस्कृती, आपल्या परंपरा, तरुण पिढी. हडळीचा विषय काढला की चार ओळींत उरकायचा. हुशार माणूस. दोनदा बसवला, दोनदा तेच.

तिसऱ्या वेळी विद्याश्रीनं कॅमेरा लावायच्या आधी त्याला लॅपटॉपवर बयाबाईची फीत दाखवली. शेजारीपाजारी पण गोळा झाले. हशा पिकला. कुणीतरी म्हणालं, "अण्णा, तुमच्यापेक्षा म्हातारीच ब्येस सांगतीया की!"

झालं. ही खोड माझ्या ओळखीची आहे. या भागात माणूस रान सोडेल, पण गोष्टीवरचा हक्क सोडणार नाही.

पुढचं मी फितीवर बघितलं, आणि खालून वर ऐकूही येत होतं, कारण ती तेच तेच पुन्हा लावत होती.

"ती बया काय सांगतीया? ती तवा जयसिंगपुरात शाळंतल्या छावणीत बसून सरकारी खिचडी खातवती! म्हणं पिंपळ. कुठला पिंपळ? आमच्या घराच्या कौलांवर बसलीवती ती. मी बघितली. ह्या डोळ्यांनी."

"मग?" विद्याश्रीचा आवाज. सबंध मुलाखतीत ती एवढंच बोलते.

"मग काय, आम्ही काहील फिरवली. तवर हाक आली. 'भावजी!' हुबेहूब तुझ्या आईचा आवाज. मी बाळासोला म्हटलं, मागं बघू नगंस, मार वल्हं."

"मग?"

"परत हाक. 'भावजी, काहील वळवा!' अंगावर काटा आला. दुसरा असता तर पाण्यात पडला असता. आपण वळून बघितलं न्हाय."

"मग?"

"मग आम्ही वळणावर आलतो. तिथनं ती लई मोठ्यानं वरडली. 'भावजी, माझ्या विद्याला तरी सांभाळा!'" पंचाक्षरीनं मांडीवर थाप मारली. "बघ, हडळीला तुझं नावसुद्धा ठाव हुतं! हाय का न्हाय? आता दाखीव त्या बयाबाईला."

मग विद्याश्री म्हणते, "मग?"

"मग आवाज बंद झाला."

मी जिना उतरून खाली गेले. ती पडद्यासमोर बसली होती, डोळे कोरडे. मी म्हटलं, सापडला की हरामखोर! ती म्हणाली, "न्हाय काकू. हडळच म्हणतोय की अजून. गावाला ही गोष्टच वाटंल. टाळ्या वाजवतील." आणि मग तिनं मला तिच्या साठवणीतल्या दुसऱ्या फिती दाखवल्या. गावातल्या लोकांना तिनं सहज विचारलं होतं, भुताची हाक ओळखायची कशी? म्हातारी, पोरंटोरं, दूध घालायला आलेले गडी, सगळे एकच सांगत होते, अगदी पाढे म्हटल्यासारखं. पहिल्या हाकेला ओ द्यायची नाही. दुसऱ्या हाकेला ओ द्यायची नाही. भुताला तिसरी हाक मारता येत नाही. तिसरी आली, म्हणजे माणूस आहे, जायचं. एका फितीत तर पंचाक्षरी स्वतःच शेजारच्या पोरांना हे शिकवत होता.

"ह्ये मी पुढं लावणार," ती म्हणाली, "आणि त्याच्या पाठीमागं त्याला. मी एक शब्द बोलणार न्हाय."

फिल्म गावात दाखवायची व्यवस्था पंचाक्षरीनं केली. मठासमोरचं पटांगण, पडदा, खुर्च्या, कर्णा. आणि चौकात फ्लेक्स! त्यावर फिल्मचं नाव बोटभर, पंचाक्षरीचा गॉगलवाला फोटो हातभर, खाली 'हडळीला न घाबरलेला वाघ', आणि शुभेच्छुकांचे तेवीस चेहरे. विद्याश्रीचं नाव कुठंच नव्हतं. तिनं त्या फ्लेक्ससमोर उभं राहून त्याचा फोटो काढला. "सुंदर झालाय दोड्डप्पा," म्हणाली. तो खूश.

मी गेले होते. मला पुढची खुर्ची मिळाली, पंचाक्षरीला लागूनच. दिवेलागणीला फिल्म सुरू झाली. लोक स्वतःला पडद्यावर बघून शिट्ट्या मारत होते. बयाबाईच्या हडळीला तर एवढा हशा की कर्णा ऐकू येईना. मग हाकांचा नियम आला. एकामागून एक चेहरे, तेच वाक्य, आणि समोर बसलेली पोरं त्यांच्याबरोबर मोठ्यानं म्हणायला लागली, "तिसरी हाक, तर माणूस हाय!"

मग पंचाक्षरी पडद्यावर आला. माझ्या शेजारचा पंचाक्षरी सावरून बसला.

पहिली हाक. पोरं खिदळली. दुसरी हाक. पटांगण जरा थंडावलं. तिसरी हाक झाली, 'माझ्या विद्याला तरी सांभाळा', आणि पुढच्या सतरंजीवरच्या एका लहानग्या पोरीनं सवयीनं जोरात ओ दिली.

कुणी हसलं नाही.

फिल्म पुढं चालू होती, पण बघत कुणी नव्हतं. सगळ्या माना आमच्या खुर्च्यांकडं वळल्या होत्या. पंचाक्षरीला अजून कळलं नव्हतं. तो पडद्याकडं बघून मान डोलवत होता. एवढ्यात मागून बयाबाई उठली.

"पंचाक्षरी! तिसरी हाक कुणी मारली रं?"

"आँ?"

"तिसरी हाक. तुझ्याच तोंडानं सांगितलास की आत्ता. भुताला तिसरी हाक येतीया व्हय?"

"अगं आवशे, गोष्ट हाय ती. गोष्टीत इकडं तिकडं हुतंय."

"गोष्ट व्हय? मग वर्षाला लुगडं कुणाला नेसवतोस, गोष्टीला? गोष्ट हाय का हडळ हाय, एक काय ते ठरव!"

"हडळच हुती! हडळीला कसला नेम?"

"नेम तूच शिकवलास पोरास्नी. आत्ता बघितलं की समद्यांनी!" म्हातारीचा आवाज फाटला. "वीस वरसं मी तुझं खरं मानून अंगणात नाचले. महादेवीचं सोंग घिऊन नाचले रं मी! जित्ती बाई हाका मारत हुती आणि तू भांडी घिऊन आलास?"

पंचाक्षरीचा मुलगा वीरेश बाजूला उभा होता. त्यानं बापाला विचारलं, "अप्पा, तिसऱ्या हाकंला माघारी का वळला न्हाय?" बाप म्हणाला, घरी चल, सांगतो. वीरेश गेला नाही. पंचाक्षरी एकटाच उठला. विद्याश्री प्रोजेक्टरजवळ उभी होती. तो तिच्या जवळून गेला तेव्हा ती म्हणाली, "बसा की दोड्डप्पा, अजून शेवट राहिलाय."

मला कुणीकुणी म्हणतं, सूडानं माणसाचं भलं होत नाही. असं म्हणणाऱ्यांनी त्या रात्रीचं विद्याश्रीचं तोंड बघायला हवं होतं. परतीच्या गाडीत तिनं दोन भडंग पाकिटं संपवली आणि जयसिंगपूरच्या अलीकडंच माझ्या खांद्यावर मान टाकून झोपली.

पुढं गावात काय झालं ते बयाबाई फोनवर कळवायची. फ्लेक्सवरचा फोटो कुणीतरी शेणानं माखला. मठाच्या कमिटीनं पंचाक्षरीला, काही न बोलता, बैठकीला बोलवायचं बंद केलं. वीरेश रानातल्या खोपीवर राहायला गेला. मोबाइलवर कुणी कुणी टिपलेले तुकडे फिरत होते, आणि वीरेशसाठी बोलणी चालली होती त्या मुलीकडच्यांनी ते बघून पाठ फिरवली होती. पूर्ण फिल्म अजून बाहेर आली नव्हती. विद्याश्रीनं मुद्दाम थांबवून ठेवली होती. मी विचारलं, कुणाची वाट बघतीस? ती म्हणाली, "त्याची."

तो आला. दुपारी जेवणवेळेला, धुवट धोतरात, हातात पेढ्यांचा पुडा. भस्म नव्हतं. मी खालीच होते. मला उठ म्हणायची कुणाची हिंमत झाली नाही.

"विद्या, तेवढं ते काढ. माझं बोलणं. पोराचं लग्न मोडलं."

विद्याश्रीनं लॅपटॉप मिटला.

"तुझ्या आईला रुद्रभूमीत जागा देतो. जंगमाला बोलावतो, समदं शास्त्रानं करतो. दगड बसवतो नावाचा."

"जागा गावानं परवाच दिली, दोड्डप्पा. बयाबाई आणि बायकांनी ठरवलं. तुमाला सांगितलं न्हाय का कुणी?"

त्याला कुणी सांगितलं नव्हतं. तो पुड्याची दोरी चाळवत बसला. मग म्हणाला, "मग तुला पायजे तरी काय? केस करतीस?"

"न्हाय. तुमचं बोलणं काढतो की. हडळीचं समदं काढतो. पर मोकळी जागा कशी सोडू? तिथं दुसरं कायतर लागंल." ती उठली आणि तिपाई उघडून कॅमेरा लावायला लागली. त्याच्या कॉलरला बारका माईक लावला, अगदी लग्नातल्या नवरदेवाला लावतात तसा, हळुवार. "खरं तेवढं सांगा. दोन वाक्यं. वीरेशला बी बघता येईल, बापानं शेवटी कबूल तरी केलं म्हणून."

तो उठून जाईल असं मला वाटलं. गेला नाही. बाहेर जायला त्याला जागाच कुठं उरली होती? कॅमेऱ्याचा लाल दिवा लागला तसा त्याचा हात आपसूक टोपीकडं गेला, टोपी सरळ झाली. मेली खोड, जाते कुठं!

"महादेवी," तो म्हणाला आणि थांबला. "माझी भावजय. ती जित्ती हुती. कौलांवर. मला ठाव हुतं. मी काहील वळवली न्हाय."

पंख्याचा आवाज तेवढा येत होता. विद्याश्री कानाला हेडफोन लावून बसली होती. तिच्या पुढ्यात आवाजाची हिरवी पट्टी त्याच्या एकेका शब्दाला उंच उडालेली मी माझ्या डोळ्यांनी बघितली. शब्द न् शब्द स्वच्छ आला होता.

तिनं हेडफोन जरासा सरकवला.

"आवाज आला न्हाय, दोड्डप्पा. परत."

त्यानं परत सांगितलं. या वेळी 'जित्ती'पाशी अडखळला.

"मधी गाडी गेली भाईर. परत."

गाडी गेली नव्हती. पंचाक्षरीनं माझ्याकडं बघितलं. मी त्याच्याकडं बघितलं, आणि बघतच राहिले. त्यानं पुन्हा सांगितलं. मग पुन्हा. धोतराच्या सोग्यानं त्यानं तोंड पुसलं.

"तिचं नाव जरा मोठ्यानं घ्या," विद्याश्री म्हणाली. "लांबनं हाक मारायची असली तर माणूस घेतंय, तेवढ्या मोठ्यानं. हां. आता परत."